फळांचं दही घरून विकायचंय? आधी परत येणारे कप मोजा



फळांच्या दह्याचा विषय काढला की भिवंडी, कल्याण, वाडा, शहापूर अशा सगळ्या बाजूंनी दोनच प्रश्न येतात. "सर, मशीन कुठलं घेऊ?" आणि "सर, मोठा फ्रिज घेऊ का?" दोन्हींचं उत्तर एकच आहे. अजून काहीच घेऊ नका. घरात आहे त्या पातेल्यात, आहे त्या फ्रिजमध्ये आधी पंधरा दिवस काम करा. का ते सांगतो.

मी स्वतः पहिल्यांदा हे केलं तेव्हा ताज्या हापूसचा गर थेट दह्यात घोटला, ४० कप भरले आणि ओळखीच्या एका किराणा दुकानात ठेवले. चव एक नंबर होती. तिसऱ्या दिवशी फोन आला, "साहेब, झाकणं वर आलीत." जाऊन बघतो तर कप फुगलेले, उघडला की फस्स आवाज आणि आंबूस वास. ४० पैकी २७ कप परत घेतले. पैसे गेले त्याचं एवढं वाटलं नाही. पण ओळख असूनही त्या दुकानदाराने पुन्हा माझा माल ठेवला नाही. त्याचं बरोबरच होतं. गिऱ्हाईक माझ्या दारात भांडायला येत नाही, त्याच्या दारात जातं.

तेव्हा कळलं की हा धंदा फळाचा नाही आणि दह्याचाही नाही. हा तारखेचा धंदा आहे. कप किती दिवस टिकतो आणि तेवढ्या दिवसांत तो विकला जातो का, या दोन गोष्टी ज्याला माहीत आहेत तो टिकतो.

आधी नावाचा घोळ मिटवू

नेटवर "फ्रूट कर्ड" शोधलंत तर अंडी, लोणी, साखर आणि लिंबाचा रस शिजवून केलेली पिवळी क्रीम दिसेल. तो इंग्रजी पद्धतीचा लेमन कर्ड. पावाला लावतात, केकमध्ये भरतात. त्यात दही नसतंच. आपण बोलतोय ते फळांच्या दह्याबद्दल. आपल्याकडे आम्रखंड घरोघरी माहीत आहे, त्यामुळे आंबा आणि दही ही जोडी गिऱ्हाइकाला समजावून सांगावी लागत नाही. फरक एवढाच की आम्रखंडात चक्का लागतो, म्हणजे दह्यातलं पाणी काढून टाकावं लागतं आणि माल कमी भरतो. इथे दही कपातच लावायचं, पाणी काढायचं नाही.

कृती: १ लिटर दुधाचे १२ कप

साहित्य: फुल क्रीम दूध १ लिटर, दूध पावडर ४० ग्रॅम, साखर ६० ग्रॅम, ताजं विरजण २० ग्रॅम, शिजवलेला फळाचा गर १८० ग्रॅम.

१. गर आदल्या दिवशी करा. १ किलो आंब्याच्या गराला साधारण ३५० ग्रॅम साखर आणि एका लिंबाचा रस. जाड बुडाच्या पातेल्यात मंद आचेवर सतत हलवत शिजवा. चमचा उलटा केला की गर लगेच ओघळता कामा नये. साधारण १ किलो १०० ग्रॅम उरेल. उकळत्या पाण्यातून काढून कोरड्या केलेल्या बरणीत भरा, गार झाल्यावर फ्रिजमध्ये ठेवा.

२. दूध गार असतानाच त्यात पावडर आणि साखर विरघळवा, मग तापवा. उकळी आली की गॅस बंद करू नका. मंद आचेवर दहा मिनिटं हलवत ठेवा, तळाला लागू देऊ नका. ही दहा मिनिटं फार महत्त्वाची. दुधातली काही प्रथिनं उष्णतेने उलगडतात आणि नंतर दह्याची जाळी घट्ट धरतात. म्हणून कवडीदार दही लागतं आणि पाणी कमी सुटतं.

३. दूध ४२ ते ४३ अंशांपर्यंत निवू द्या. बोट घालून अंदाज घेणं घरच्या दह्याला चालतं, धंद्याला नाही. साधा थर्मामीटर घ्या. हीच तुमची पहिली आणि सध्यापुरती एकमेव खरेदी. दूध फार गरम असेल तर विरजण मरतं. फार गार असेल तर दही लागायला वेळ लागतो आणि ते चिकट, तार येणारं होतं.

४. विरजण थोड्या दुधात फेटून मग सगळ्या दुधात मिसळा. नेहमी साध्या दह्याचं विरजण वापरा, फळ घातलेल्या कपातलं कधीच नाही. साध्या दह्याची छोटी वाटी विरजणासाठी रोज वेगळी लावा.

५. प्रत्येक कपाच्या तळाला १५ ग्रॅम गर. त्यावर चमच्याच्या पाठीवरून हळू ८५ ग्रॅम दूध सोडा. झाकण लावा, कप थर्माकोलच्या पेटीत ठेवून पेटी बंद करा.

६. मे महिन्यात भिवंडीच्या उकाड्यात चार-पाच तासांत दही लागतं, डिसेंबरात सात-आठ तासही लागतात. घड्याळ बघू नका, कप बघा. किंचित कलंडला की दही एकसंध सरकलं पाहिजे. लागलं की लगेच उचला. तासभर जास्त राहिलं तर आंबट होतं.

७. कोमट कप थेट फ्रिजमध्ये कोंबू नका. आधी अर्धा तास बर्फाच्या पाण्याच्या परातीत ठेवा, मग फ्रिजमध्ये. रात्रभर हलवायचे नाहीत. सकाळी दही जमलेलं मिळेल.

कच्चं फळ का चालत नाही?

इथेच सगळ्यात जास्त माल वाया जातो, म्हणून कारणं समजून घ्या.

पहिलं कारण यीस्ट. फळाच्या सालीवर, गरावर ते निसर्गतःच असतं. दह्याच्या आंबटपणात बरेचसे जिवाणू वाढत नाहीत, पण यीस्ट वाढतं. त्याला साखर मिळाली की ते वायू सोडतं आणि झाकण फुगतं. माझे २७ कप असेच गेले. गर नीट शिजवला की हा धोका खूप कमी होतो.

दुसरं कारण पाणी आणि आंबटपणा. पातळ रस दुधात मिसळला की दूध तिथल्या तिथे फुटतं, दही खवल्यासारखं लागतं आणि वर पाणी तरंगतं. दाट गर तळाला शांत बसून राहतो.

तिसरं कारण फळाफळाचा स्वभाव. कच्च्या अननसात आणि पपईत प्रथिनं तोडणारे घटक असतात. अननस कच्चा घातलात तर दोन दिवसांत दही सैल आणि कडू होतं. शिजवला की तो घटक निकामी होतो. सीताफळाचं उलटं आहे. गर जास्त तापवला की तोच कडू होतो. म्हणजे सीताफळ कच्चं टिकत नाही आणि शिजवलं तर बिघडतं. आइस्क्रीमवाल्यांना ते जमतं, कारण त्यांचा माल गोठलेला असतो. आपण सुरुवात सीताफळाने करायची नाही.

मग कशाने करायची? एप्रिल-मे हापूस किंवा केशर. जूनमध्ये जांभूळ. पालघर जिल्ह्यातल्या बहाडोलीचं जांभूळ प्रसिद्ध आहे आणि बदलापूरचंही. रंग असा येतो की वेगळा घालावा लागत नाही. फक्त तुरटपणा मारायला साखर थोडी जास्त लागते. डिसेंबर ते मार्च महाबळेश्वरची स्ट्रॉबेरी. अननस वर्षभर. एका वेळी दोनच चवी ठेवा. चार चवी म्हणजे चार प्रकारचे शिल्लक कप.

तारीख कशी ठरवायची?

दुसऱ्याच्या डब्यावर १५ दिवस लिहिलेत म्हणून आपणही १५ लिहायचे, असं करू नका. मोठ्या डेअरीकडे ठरावीक कल्चर असतं, हात न लावता भरण्याची सोय असते आणि कारखान्यापासून दुकानापर्यंत थंड गाडी असते. आपल्याकडे यातलं काही नाही. आपली तारीख आपणच काढायची.

एकाच घाण्यातले १४ कप बाजूला ठेवा. पहिल्या, तिसऱ्या, पाचव्या, सातव्या, नवव्या, अकराव्या आणि तेराव्या दिवशी दोन-दोन कप उघडा. वहीत पाच गोष्टी लिहा: झाकण, वास, वर सुटलेलं पाणी, आंबटपणा, गराचा रंग. दोन कपांपैकी एक नेहमी फ्रिजमध्येच राहिलेला हवा. दुसरा पहिल्या दिवशी दुपारी दोन तास डिलिव्हरीच्या बॅगेत फिरवून आणून पुन्हा फ्रिजमध्ये ठेवलेला. प्रत्यक्षात तुमचा माल या दुसऱ्या कपासारखाच जगणार आहे.

या फिरलेल्या कपात नवव्या दिवशी बिघाड दिसला तर डब्यावर नऊ लिहायचे नाहीत, पाच लिहायचे. गिऱ्हाइकाचा फ्रिज तुमच्या फ्रिजइतका गार असेलच असं नाही. हे तीन वेगवेगळ्या घाण्यांवर करा. तिन्हीत सारखं उत्तर आलं तरच ती तुमची तारीख.

आणि एक गोष्ट स्पष्ट सांगतो. चव आणि वास घेऊन बिघाड कळतो, पण प्रत्येक धोका कळत नाही. दुकानात माल ठेवण्याआधी मान्यताप्राप्त प्रयोगशाळेतून एकदा तपासणी करून घ्या. लहान मुलं खाणार आहेत हे.

फ्रिजमध्येही एक थर्मामीटर ठेवा. काटा ५ अंशांच्या वर राहत असेल तर त्या फ्रिजमध्ये विकायचा माल ठेवू नका. घरचाच फ्रिज असेल तर दार दिवसातून पन्नास वेळा उघडतं, हे लक्षात घ्या. पावसाळ्यात लाईट जाते तेव्हासाठी थर्माकोलची पेटी आणि गोठवलेले जेल पॅक तयार हवेत. आणि टोरेंटचं बिल जपून ठेवा. धंदा सुरू होण्याआधीचे आणि नंतरचे युनिट शेजारी लावले की वीज खरोखर किती लागते ते कळेल. अंदाजाने लिहायचं नाही.

आता वही-पेन घ्या

खालचे भाव उदाहरणादाखल आहेत. तुम्ही तुमच्या तबेल्याचा, तुमच्या बाजाराचा भाव घाला. पद्धत मात्र हीच ठेवा.

१२ कपांचा खर्च: दूध ७५ रुपये, पावडर १८, साखर ३, गर ४४, कप-झाकण ४२, लेबल १२, गॅस-वीज १५, बर्फ आणि पॅक १०. एकूण २१९. म्हणजे कपाला १८.२५.

इथे बहुतेक जण थांबतात. आपली मजुरी? १० लिटरचे १२० कप करायला पाच तास लागतात असं धरा. तासाला ८० रुपये लावले तर ४०० रुपये, म्हणजे कपाला साधारण ३.३५. खरा खर्च २१.६०. "घरचीच आहे मी, माझी कसली मजुरी?" असं म्हणणाऱ्या ताईंना एकच विचारतो. उद्या तुमच्या जागी बाई ठेवावी लागली तर ती फुकट येईल का?

विक्री ३५ रुपये. दुकानदाराचं मार्जिन २० टक्के, म्हणजे ७ रुपये. तुमच्या हातात २८. कपामागे ६.४० सुटतात. छान वाटतं ना? आता १०० कप दुकानात ठेवले, असं समजा. खर्च झाला २१६०.

सगळे १०० विकले, तर हातात २८०० येतात आणि ६४० सुटतात.
९० विकले, तर २५२० येतात आणि ३६० सुटतात.
८० विकले, तर २२४० येतात आणि ८० सुटतात.
७७ विकले, तर २१५६ येतात आणि ४ रुपये खिशातून जातात.

पुन्हा एकदा वाचा. शंभरातले दहा कप परत आले की जवळपास निम्मा नफा जातो. वीस परत आले की चहापाण्याचे पैसे उरतात. तेवीस परत आले की तोटा. आणि दुकानदार दही ठेवतो ते परतीच्या बोलीवरच. शिल्लक तुमच्या अंगावर येते, त्याच्या नाही.

आता दुसरं गणित. दुकानात काहीच ठेवायचं नाही. आदल्या दिवशी व्हॉट्सॲपवर ऑर्डर घ्यायची आणि तेवढेच कप करायचे. समजा फक्त ६० ऑर्डर आल्या. कप कमी झाले तरी मेहनत तेवढ्या प्रमाणात कमी होत नाही, म्हणून खर्च कपाला २३ धरू. एकूण १३८०. विक्री थेट ३५ ने, २१०० रुपये. पेट्रोलचे ५० वजा करा. उरले ६७०.

म्हणजे दुकानात शंभरच्या शंभर कप विकून जेवढं सुटतं, त्यापेक्षा किंचित जास्त ६० कपांच्या ऑर्डरवर सुटतं. दूध कमी, गॅस कमी, फ्रिज आहे तोच आणि परतीची भीती नाही. म्हणूनच म्हणतो, मोठा फ्रिज अजून घेऊ नका. मोठा फ्रिज घेतला की तो भरायची घाई होते आणि भरलेला माल खपवायला आपण दुकानाच्या पायऱ्या चढतो.

भिवंडीत गिऱ्हाईक कुठे आहे?

भिवंडी म्हटलं की लोकांना लूम आठवतात, पण आज ऑर्डरसाठी गोदामांकडेही बघा. मानकोली, दापोडे, राहनाळ, वळ, पूर्णा, काल्हेर या पट्ट्यात हजारो माणसं रोज डबा घेऊन येतात. जेवणाची सुट्टी ठरलेली, माणसं ठरलेली. ऑफिसात बसणाऱ्या एका माणसाने ग्रुपवर नावं गोळा केली की एका गेटवर २०-२५ कप उतरतात. अशी तीन गेट मिळाली की तुमचे ६० कप झाले. गेटवर सिक्युरिटीला विचारल्याशिवाय आत जायचं नाही आणि जेवणाच्या सुट्टीआधी पंधरा मिनिटं पोचायचं. उशिरा पोचलेलं दही कोणी घेत नाही.

दुसरं गिऱ्हाईक काल्हेर-काशेळीच्या सोसायट्या. तिथे शनिवार-रविवारची ऑर्डर घ्या.

लूमवर काम करणाऱ्या माणसाला ३५ रुपयांचा कप परवडणार नाही, हेही समजून घ्या. त्याच्यासाठी साधं दही, ताक, लस्सी हा वेगळा हिशोब आहे. एकाच मालात सगळ्यांना गाठायला जाऊ नका.

सणांचं कॅलेंडर हाताशी ठेवा. रमजानात शहरात संध्याकाळी इफ्तारला गार आणि गोड पदार्थांना मागणी असते. सध्या काही वर्षं रमजान हिवाळ्याच्या शेवटी येतोय, म्हणजे नेमका स्ट्रॉबेरीच्या हंगामात. श्रावणात आणि नवरात्रात उपवासाला फळांचं दही चालतं. यासाठी एक पथ्य: दही घट्ट दिसावं म्हणून जिलेटिन घालू नका. ते प्राण्यांपासून बनतं. उपवासवालाही घेणार नाही आणि हलाल बघणाराही विचारेल. दूध दहा मिनिटं नीट तापवलंत तर त्याची गरजही पडत नाही.

कागदपत्रं

घरातून विकत असलात तरी एफएसएसएआयची नोंदणी हवी. फॉस्कॉस या सरकारी पोर्टलवर ती ऑनलाइन होते. २०११ च्या नियमावलीत छोट्या व्यावसायिकाच्या नोंदणीसाठी वर्षाला १२ लाखांपर्यंतची उलाढाल आणि वर्षाला १०० रुपये फी ठरवलेली होती. नियमांत बदल होत राहतात, म्हणून फॉर्म भरताना पोर्टलवरचा चालू आकडा बघा. फॉर्म स्वतः भरता येतो. शंभर रुपयांच्या कामाला एजंटला हजारो देऊ नका. अडलं तर ठाण्याच्या अन्न व औषध प्रशासन कार्यालयात जाऊन विचारा.

डब्यावर हे हवं: पदार्थाचं नाव, घटक जास्तीपासून कमीकडे, वजन, हिरवं चिन्ह, दूध आहे ही सूचना, तुमचं नाव-पत्ता, १४ अंकी एफएसएसएआय नंबर, बॅच नंबर, बनवल्याची आणि संपण्याची तारीख, किंमत, तक्रारीसाठी फोन. पोषणमूल्यांचा तक्ता तुम्हाला लागू आहे का, तेही त्याच वेळी विचारून घ्या.

आणि नाव लिहिताना "योगर्ट" लिहायचा मोह टाळा. नियमांप्रमाणे योगर्टसाठी दोन ठरावीक जिवाणूंचं कल्चर लागतं. घरच्या विरजणाचं ते दही. "आंब्याचं दही" लिहा. मराठीत लिहिलं म्हणून भाव कमी मिळत नाही.

कर्जाचं म्हणाल तर सूक्ष्म अन्नप्रक्रिया उद्योगांसाठी केंद्राची पीएमएफएमई योजना २०२० मध्ये सुरू झाली. त्यात प्रकल्प खर्चाच्या ३५ टक्के, जास्तीत जास्त १० लाखांपर्यंत अनुदान ठरवलेलं होतं. योजना सध्या कुठल्या टप्प्यात आहे ते तालुका कृषी कार्यालयात विचारा. पण अनुदान आहे म्हणून धंदा सुरू करू नका. बँकेचा हप्ता सुरू झाला की तो कप परत आले का ते विचारत नाही.

या आठवड्याचं काम

एक लिटर दूध घ्या. १२ कप लावा. विकू नका. सहा कप फ्रिजमध्ये ठेवून वर सांगितलेली वही सुरू करा. १४ कपांची पूर्ण चाचणी पुढच्या आठवड्यात करू, आता फक्त हात बसू दे. उरलेले सहा कप अशा सहा जणांना द्या जे तुमचे नातेवाईक नाहीत. "कसं झालंय?" विचारू नका, सगळे छानच म्हणतात. "पुढच्या शनिवारी ३५ रुपयांना किती कप लिहू?" हे विचारा. खरं उत्तर तिथेच मिळतं.

सहापैकी चौघांनी आकडा सांगितला तर तुमच्याकडे चार गिऱ्हाइकं आहेत. धंदा तिथून सुरू होतो. पहिल्या घाण्यात दही बिघडलं तर कशामुळे ते कमेंटमध्ये लिहा: दूध कुठलं, किती वेळ तापवलं, किती तासांत लागलं. उत्तर देतो. आणि झाकण फुगलं तर घाबरू नका. घरात फुगलेलं झाकण शिकवून जातं, दुकानात फुगलेलं झाकण मात्र दुकान बंद करून जातं.

भेटू पुढच्या व्हिडिओत. काम सुरू करा!